पाकाल राजाचा जीवनपट कापडावर: माया तारीख सोडवण्यापासून पट टांगण्यापर्यंत

किनिच जनाब पाकाल हा आजच्या मेक्सिकोतल्या चियापास राज्यातल्या पालेंके या माया संस्कृतीच्या नगराचा सातव्या शतकातला राजा. बारा वर्षांचा असताना गादीवर बसला, अडुसष्ट वर्षं राज्य केलं आणि ऐंशी पूर्ण करून वारला. त्याच्या आयुष्यातले प्रसंग दिवसागणिक कोरून ठेवलेले आहेत. इतक्या जुन्या राजाच्या बाबतीत हे भाग्य क्वचित लाभतं. त्यामुळे शाळेच्या प्रदर्शनासाठी किंवा वाचनालयाच्या भिंतीसाठी त्याचा जीवनपट करायचा असेल, तर इंटरनेटवरून साल उतरवून घेऊ नका. कोरलेली तारीख घ्या, स्वतः सोडवा आणि दिवसांच्या मापाने कापडावर मांडा. गणित बेरीज, गुणाकार आणि बाकी एवढंच आहे. आठवी-नववीची मुलं एका दुपारी करू शकतात.

सामान

धुतल्यानंतर पूर्ण चार मीटर भरेल इतका मांजरपाट घ्या. सव्वाचार मीटर आणलेला बरा, कारण कोरं कापड आटतं. आधी रात्रभर पाण्यात भिजवा, वाळवा, इस्त्री करा, मगच टेप लावा. हे टाळलं तर काय होतं ते बघा: आपल्या पटाची मोजपट्टी ३६० सेंटिमीटरची आहे. खुणा केल्यावर कापड शेकडा तीनने जरी आटलं, तरी १०.८ सेंटिमीटर गेले, म्हणजे राजाच्या काळातले १०८० दिवस गेले. सोलापुरात कापडातला जाणकार गल्लीगल्लीत भेटतो. दुकानात ‘किती आटेल’ हे विचारूनच माप ठरवा.

बाकी लागेल ते असं: पाच मीटरची स्टीलची टेप (शिंप्याची टेप वापरून वापरून ताणलेली असते, ती नको), काळा, तांबडा आणि निळा कापडावरचा रंग, बारीक ब्रश, पेन्सिल, ग्राफ पेपर, वर-खाली लावायला लाकडी पट्ट्या. पाकालच्या थडग्यात सगळीकडे हिंगूळ पसरलेला होता, म्हणून राजाच्या खुणांना तांबडा रंग शोभतो. मात्र खरा हिंगूळ मुलांच्या हातात देऊ नका. त्यात पारा असतो. साधा तांबडा रंग पुरे.

आधी मोजणी समजून घ्या

पंचांगाच्या गणितातला अहर्गण ज्यांना माहीत आहे त्यांना माया दीर्घगणना अवघड वाटायची नाही. दाते पंचांग सोलापुरातूनच निघतं, तेव्हा हा शब्द कानावरून गेलेले इथे बरेच असतील. ठरावीक आरंभदिनापासून किती दिवस गेले तेवढंच दोन्हीकडे मोजलेलं असतं. कलियुगाचा आरंभ इ. स. पूर्व ३१०२ मधला, माया गणनेचा इ. स. पूर्व ३११४ मधला. दोन्हींत ४१८३ दिवसांचं, म्हणजे साडेअकरा वर्षांच्या आसपासचं अंतर आहे. हा योगायोगच आहे. यावरून संबंध जुळवायला जाऊ नका.

दीर्घगणनेत पाच आकडे असतात. पाकालचा जन्म: ९.८.९.१३.०. डावीकडून पहिला आकडा बाकतुन (१,४४,००० दिवस), मग काटुन (७२००), तुन (३६०), विनाल (२०) आणि शेवटी किन (१ दिवस). तर:

९ × १,४४,००० = १२,९६,०००
८ × ७२०० = ५७,६००
९ × ३६० = ३२४०
१३ × २० = २६०
० × १ = ०
एकूण १३,५७,१०० दिवस.

सगळ्यात जास्त चुका तिसऱ्या आकड्यावर होतात. माया लोक विसाच्या पटीत मोजत हे वाचलेलं असतं, म्हणून तुनचे दिवस २० × २० म्हणजे ४०० धरले जातात. तारखेत ती जागा १८ × २० ची आहे, ३६० दिवसांची. ही एक चूक वरच्या दोन्ही जागांवर चढत जाते आणि बेरीज १५,०७,८६० येते. राजा चारशे बारा वर्षांहून जास्त पुढे सरकतो. सुदैवाने अशी चूक पकडायची सोय माया तारखेतच आहे, ती पुढे आहे.

कोरीव लेखात टिंब म्हणजे १, आडवी रेघ म्हणजे ५ आणि शिंपल्यासारखं चिन्ह म्हणजे ०. तेरा म्हणजे दोन रेघा आणि तीन टिंबं. ही चिन्हं आधी ग्राफ पेपरवर एकाच मापात काढून घ्या: टिंब चार घरांचं, रेघ वीस घरं लांब. चादरीची नक्षी ग्राफवर उतरवणारं कुणी ओळखीचं असेल तर त्यांच्याकडून घरं भरून घ्या. त्या हाताला हे काम सहज येतं.

तारीख तपासणे

दीर्घगणनेच्या जोडीला आणखी दोन चक्रं चालतात. २६० दिवसांच्या चक्रात १ ते १३ हे अंक आणि वीस दिवसनामं एकाच वेळी पुढे सरकतात. ३६५ दिवसांच्या वर्षात वीस-वीस दिवसांचे अठरा महिने आणि शेवटी पाच दिवसांचा वायेब असतो. आपल्यासारखा अधिक महिना नाही, लीप वर्षही नाही. म्हणून गणित सरळ आहे.

आरंभदिनाला ४ आहाव ८ कुमकू होतं. तिथून पुढे मोजायचं.

अंकासाठी एकूण दिवसांना १३ ने भागा आणि बाकीत ४ मिळवा. बेरीज १३ च्या वर गेली तर १३ वजा करा. १३,५७,१०० ला १३ ने भागल्यावर बाकी ४, म्हणून अंक ८.

दिवसनामासाठी २० ने भागा. बाकी ० तर आहाव. पुढे क्रमाने १ इमिश, २ इक, ३ आकबाल, ४ कान, ५ चिकचान, ६ किमी, ७ मानिक, ८ लामात, ९ मुलुक, १० ओक, ११ चुवेन, १२ एब, १३ बेन, १४ इश, १५ मेन, १६ किब, १७ काबान, १८ एत्सनाब, १९ कावाक. इथे बाकी ०, म्हणून आहाव.

महिन्यासाठी ३६५ ने भागा, बाकीत ३४८ मिळवा आणि ३६५ किंवा जास्त झाले तर ३६५ वजा करा. बाकी ३०. ३४८ + ३० = ३७८, वजा ३६५, उरले १३. आता २० ने भागा: भागाकार ० म्हणजे पहिला महिना पोप, बाकी १३ म्हणजे त्यातला १३ हा अंक. महिने ओळीने असे, शून्यापासून मोजत: पोप, वो, सिप, सोत्स, सेक, शुल, याशकिन, मोल, चेन, याश, साक, केह, माक, कांकिन, मुवान, पाश, कायाब, कुमकू, वायेब. महिन्यातले दिवस ० ते १९ असतात, १ ते २० नव्हे. एका दिवसाचा फरक बहुतेक इथेच पडतो.

उत्तर आलं ८ आहाव १३ पोप. पाकालच्या शवपेटीच्या झाकणाच्या कडेवर त्याचा जन्मदिवस हाच कोरलेला आहे. तुनचे ४०० दिवस धरून आलेल्या चुकीच्या बेरजेला १३ ने भागून बघा: अंक ७ येतो. म्हणजे लगेच कळतं की बेरीज बिघडली. मोबाइलच्या कॅल्क्युलेटरवर बाकी दिसत नाही. भागाकारातला पूर्णांक तेवढा ठेवा, पुन्हा भाजकाने गुणा आणि मूळ संख्येतून वजा करा.

गादीवर बसण्याची तारीख ९.९.२.४.८ आणि मृत्यूची ९.१२.११.५.१८ मुलांकडून सोडवून घ्या. पहिलीला १३,६१,६०८ दिवस आणि ५ लामात १ मोल यायला हवं, दुसरीला १३,८६,४७८ आणि ६ एत्सनाब ११ याश. वजाबाकी केली की आयुष्य २९,३७८ दिवसांचं आणि राज्यकाळ २४,८७० दिवसांचा निघतो.

झाकणावरचा घोळ, जो पटावर दाखवण्यासारखा आहे

झाकणाच्या कडेवर जन्म आणि मृत्यू फक्त चक्राच्या तारखांनी दिलेले आहेत: ८ आहाव १३ पोप आणि ६ एत्सनाब ११ याश. ही दोन चक्रं मिळून १८,९८० दिवसांनी, म्हणजे बावन्न वर्षांपेक्षा थोड्या कमी काळाने तीच जोडी पुन्हा येते. आपल्याकडे साठ संवत्सरांनंतर नाव परत येतं, तेव्हा नुसतं ‘विश्वावसु’ म्हटल्याने कुठलं साल ते कळत नाही. तशीच ही अडचण.

तेव्हा जन्म ते मृत्यू अंतर १०,३९८ दिवस असू शकतं, २९,३७८ असू शकतं किंवा ४८,३५८. वयाच्या भाषेत अठ्ठावीस, ऐंशी किंवा एकशे बत्तीस. पुरातत्त्वज्ञ आल्बेर्तो रुस यांनी १९५२ मध्ये थडगं उघडलं, त्यानंतरच्या पहिल्या तपासणीत हाडं चाळीस ते पन्नास वर्षांच्या माणसाची ठरवली गेली आणि त्यावरून दीर्घ वाद झाला. गणिताकडे नीट बघितलं तर चाळीस-पन्नास या वयाला तारखांत जागाच नाही. हाडांच्या नंतरच्या तपासण्यांनीही राजा म्हातारा होता याच बाजूने कौल दिला.

ऐंशी ठरतं ते वरच्या मंदिरातल्या लेखामुळे. थडगं ज्याच्या पोटात आहे त्या लेखमंदिराच्या माथ्यावरच्या खोलीत तीन मोठे शिलापट आहेत, सहाशेहून जास्त चिन्हांचे. त्यात काटुन संपल्याच्या तारखा ओळीने येतात आणि राजाचे प्रसंग मधल्या दिवसांच्या आकड्यांनी त्यांना जोडलेले आहेत. काटुनची जागा ठरली की राजाची तारीख हलत नाही. १९७३ मध्ये पालेंकेत भरलेल्या परिषदेत लिंडा शील, पीटर मॅथ्यूज आणि फ्लॉइड लाउन्सबरी या माया लेखांच्या अभ्यासकांनी राजांची यादी जुळवली, तीही अशाच जोडाजोडीतून.

पटावर हा भाग स्वतंत्र चौकटीत द्या. तिन्ही अंतरांच्या तीन आडव्या पट्ट्या एकाखाली एक काढा, मधली तांबड्या रंगात भरा, बाकीच्या दोन नुसत्या बाह्यरेषेने ठेवा. पाहणाऱ्याला शब्द न वाचताही अडचण कळते.

आपल्या तारखेत आणणे

सोपा धागा असा: १३.०.०.०.० म्हणजे २१ डिसेंबर २०१२. तो १८,७२,००० वा दिवस. त्यातून जन्माचे १३,५७,१०० वजा केले की ५,१४,९०० दिवस मागे जायचं. ग्रेगोरियन कालगणनेत ४०० वर्षांचे नेमके १,४६,०९७ दिवस होतात. तीन वेळा चारशे वर्षं मागे गेलो की २१ डिसेंबर ८१२ ला पोहोचतो, उरतात ७६,६०९ दिवस. अजून २०९ वर्षं मागे, २१ डिसेंबर ६०३. या टप्प्यात २९ फेब्रुवारी ५२ वेळा येते (७०० साल लीप नाही, ८०० आहे), म्हणून ७६,३३७ दिवस गेले. उरलेले २७२ दिवस मागे मोजले की २४ मार्च ६०३.

आता कुणीतरी येऊन म्हणेल, ‘अहो, पुस्तकात तर २३ मार्च दिलंय.’ बरोबर आहे, आणि तुमचंही बरोबर आहे. एकाच कोरीव दिवसाच्या चार तारखा छापलेल्या सापडतात: २१, २३, २४ आणि २६ मार्च. माया आरंभदिन नेमका कुठे धरायचा याची दोन मतं आहेत, त्यांत दोन दिवसांचा फरक. आणि काही लेखक जुन्या ज्युलियन पद्धतीत तारीख देतात, काही ग्रेगोरियनमध्ये. सातव्या शतकात या दोन पद्धतींत तीन दिवसांचा फरक पडतो. तसंच राज्यारोहण २४, २६, २७ किंवा २९ जुलै ६१५ आणि मृत्यू २६, २८, २९ किंवा ३१ ऑगस्ट ६८३.

कुठलीही एक पद्धत घ्या, पण पूर्ण पटाला तीच ठेवा आणि कोपऱ्यात लिहा. जन्म एका पुस्तकातून, मृत्यू दुसऱ्यातून घेतला तर वयाचे दिवस चुकतात. याचा सर्वांत बोलका दाखला म्हणजे पाकालच्या वडिलांचा, कान मो हिश यांचा मृत्यू: ९.१०.१०.१.६. आपल्या पद्धतीने ३० डिसेंबर ६४२ येते. दोन दिवस पुढचा आरंभदिन आणि ग्रेगोरियन पद्धत धरली तर १ जानेवारी ६४३. सालच बदललं, कोरलेला दिवस मात्र तोच.

शक द्यायचा असेल तर जुलैच्या राज्यारोहणाला शके ५३७ आणि ऑगस्टच्या मृत्यूला शके ६०५. जन्म मार्चच्या शेवटी आहे, वर्षप्रतिपदेच्या आसपास, तिथे शक लिहू नका.

कापडावर मांडणी

माप: १ सेंटिमीटर म्हणजे १०० दिवस. मग काटुन ७२ सेंटिमीटरचा, तुन ३.६ सेंटिमीटरचा आणि विनाल बरोबर २ मिलिमीटरचा होतो. पट ९.८.०.०.० (इ. स. ५९३) पासून ९.१३.०.०.० (इ. स. ६९२) पर्यंत, म्हणजे पाच काटुन, ३६० सेंटिमीटर. दोन्ही टोकांना वीस-वीस सेंटिमीटर मोकळे ठेवा.

काटुनच्या उभ्या रेघा ०, ७२, १४४, २१६, २८८ आणि ३६० वर काळ्या रंगात. प्रत्येक खूण शून्यापासून मोजा. आधीच्या खुणेपासून पुढची मोजत गेलात तर दर वेळची अर्धा मिलिमीटरची चूक साठत जाते. त्यावर हे प्रसंग:

२०.७ सेमी: ९.८.५.१३.८, कालाकमुल या दुसऱ्या माया नगराच्या राजाचा पालेंकेवर पहिला हल्ला, ५९९
३५.० सेमी: पाकालचा जन्म
६४.३ सेमी: ९.८.१७.१५.१४, दुसरा हल्ला, ६११
८०.१ सेमी: राज्यारोहण
११९.० सेमी: ९.९.१३.०.१७, त्साकबू अहाव यांच्याशी विवाह, ६२६
१५२.५ सेमी: ९.१०.२.६.६, मुलगा कान बहलाम याचा जन्म, ६३५
१७१.९ सेमी: ९.१०.७.१३.५, आई साक कुक यांचा मृत्यू, ६४०
१८०.३ सेमी: वडिलांचा मृत्यू
२२३.५ सेमी: ९.११.२.१.११, राजवाड्यातल्या ‘ई’ इमारतीचं अर्पण, ६५४
२८९.४ सेमी: ९.१२.०.६.१८, राणीचा मृत्यू, ६७२
३२८.८ सेमी: पाकालचा मृत्यू
३३०.१ सेमी: ९.१२.११.१२.१०, कान बहलाम गादीवर, ६८४

शेवटच्या दोन खुणांत १३२ दिवसांचं अंतर आहे, कापडावर जेमतेम १.३ सेंटिमीटर. मजकूर एकमेकांवर येईल, म्हणून एक वर आणि एक खाली लिहा. उलट ८०.१ च्या आधीचा भाग मोकळा वाटतो, पण तो भरायच्या मोहात पडू नका. दोन हल्ले आणि मग बारा वर्षांचा मुलगा गादीवर, हे नुसत्या अंतरांवरूनच दिसतं. हा राजा विजयाच्या लाटेवर आलेला नाही, मार खाल्लेल्या नगराने त्याला बसवलेलं आहे. राजवाड्याची भरभक्कम बांधकामं त्याच्या पन्नाशीत येतात.

राज्यारोहणाजवळ राजवाड्यातल्या अंडाकृती शिलापटाचं चित्र लावा: दुतोंडी जग्वाराच्या आसनावर पाकाल बसलाय आणि आई साक कुक त्याच्याकडे राजमुकुट देते आहे. मात्र चित्राखाली स्पष्ट लिहा की हा शिलापट ज्या ‘ई’ इमारतीत आहे तिचं अर्पण ६५४ चं. प्रसंग आणि त्याचं चित्र यांच्यात चाळीस वर्षांच्या आसपासचं अंतर आहे.

मृत्यूजवळ शवपेटीच्या झाकणाचं रेखाटन येईल. मूळ झाकण ३.८ मीटर लांब आणि २.२ मीटर रुंद आहे. चित्र १९ सेंटिमीटर लांब आणि ११ सेंटिमीटर रुंद काढलंत की विसावा भाग होतो. ते उभं लावा. आडवं लावलं की राजा यंत्रात बसल्यासारखा दिसतो आणि तो ‘अंतराळवीर’ होता ही गोष्ट सुरू होते. उभ्या चित्रात पाताळाचा उघडा जबडा खाली, त्यावर राजा, आणि त्याच्यामागून वर गेलेला जगवृक्ष, त्याच्या शेंड्यावर पक्षी, असं सगळं जागच्या जागी बसतं.

खाली आपल्या मुलखाची पट्टी

त्याच मापाने खालच्या काठाला निळी पट्टी द्या. पाकाल गादीवर बसला तेव्हा हा मुलूख बदामीच्या चालुक्यांकडे होता आणि दुसरा पुलकेशी राज्य करत होता. ऐहोळेचा रविकीर्तीचा शिलालेख शके ५५६ चा, म्हणजे ६३४-३५. तो १४८ ते १५२ सेंटिमीटरमध्ये रंगवा. त्या लेखात महाभारत युद्धापासूनची ३७३५ वर्षं आणि शक अशा दोन गणना शेजारी शेजारी दिल्या आहेत, पालेंकेच्या लेखासारख्याच एकमेकींना आधार देणाऱ्या. पल्लवांनी बदामी घेतली ते ६४२ साल, १७७ ते १८० सेंटिमीटर. जिथे आपल्याकडे फक्त साल माहीत आहे तिथे ठिपका न देता सालभराचा ३.६५ सेंटिमीटरचा पट्टा द्या. ठिपका दिला की न कळलेला दिवस कळल्यासारखा दिसतो. आणि वरच्या-खालच्या पट्टीत बाण काढू नका. या दोन मुलखांचा एकमेकांशी संबंध नव्हता.

टांगताना

वरची लाकडी पट्टी पूर्ण चार मीटरभर हवी, दोन तुकडे जोडून चालेल. नुसती टोकं बांधून टांगलं तर कापड मधे झोळतं आणि काटुनच्या रेघा तिरक्या होतात. दुहेरी चिकटपट्टीवर विसंबू नका. सोलापूरच्या एप्रिल-मेच्या उन्हात ती भिंत सोडते. पट्टीला दर पन्नास सेंटिमीटरला खिळा किंवा हूक द्या. पट टांगून झाल्यावर स्टीलची टेप पुन्हा लावा आणि ३२८.८ ची खूण तपासा. तिथे दोन मिलिमीटरपेक्षा जास्त फरक आला तर कापड ओढलं गेलंय. वरची पट्टी सोडवून ताण सारखा करा, मगच खालची पट्टी ठोका.